मात्रा लागू पडली. पण किती जणांना?

दि. ४ एप्रिल २०२४ रोजी राष्ट्रपती द्रौपदी मुर्मू यांच्या हस्ते पवई येथील आयआयटी मुंबईच्या प्रांगणात भारताच्या पहिल्या स्वदेशी ‘कार-टी’ उपचारपद्धतीचे लोकार्पण झाले. कर्करुग्णाच्याच रक्तातील पेशी काढून, त्यांना प्रयोगशाळेत शत्रूची ओळख शिकवून पुन्हा त्याच्याच शरीरात सोडायच्या, अशी ही विलक्षण पद्धत. पाश्चात्त्य देशांत जिला तीन-चार कोटी रुपये मोजावे लागतात, ती आपल्या वैज्ञानिकांनी सुमारे एक दशांश किमतीत सिद्ध केली. वृत्तपत्रांनी त्याचे यथोचित कौतुक केले. ज्यांना राष्ट्रीय स्वावलंबन ही केवळ भाषणात वापरायची गोष्ट वाटत नाही, अशा प्रत्येकाला त्या दिवशी मनोमन समाधान वाटले असणार.

परंतु याच्या दीड वर्ष आधी मुंबईच्याच टाटा स्मारक रुग्णालयातून आणखी एक वार्ता बाहेर पडली होती. तिला ना समारंभ लाभला, ना मथळे. नवा शोध नाही, नवे औषध नाही. होते ते औषध किती द्यावे, एवढाच तिचा विषय होता. सर्वसामान्य भारतीय रुग्णाच्या दृष्टीने ही दुसरी वार्ता पहिलीपेक्षा अधिक मोलाची आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. ते का, हे समजण्यासाठी मुळात ही उपचारपद्धती काय आहे, हे पाहावे लागेल.

कर्करोगावर आजवर तीन मार्ग प्रचलित होते. शस्त्राने कापून काढणे, किरणांनी जाळणे आणि विषारी रसायनांनी मारणे. तिन्हींत शरीर हे रणांगण, लढणारे बाहेरचे. चौथा मार्ग असा की लढणारे सैन्य शरीराचेच असावे. आपल्या रक्तात अहोरात्र पहारा करणाऱ्या श्वेतपेशी असतात आणि त्यांतील ‘टी-पेशी’ या रोगट पेशी हुडकून नष्ट करतात. मग त्या कर्करोगाला का सोडतात? कारण कर्करोग परका नाही. तो घरभेदी आहे. शरीराचीच एक पेशी बिघडते, बेबंद वाढू लागते. पण अंगावरचा पोशाख बव्हंशी घरच्याच माणसाचा असतो. पहारेकरी तिच्याकडे पाहतो आणि पुढे जातो. पहारेकऱ्याला हा घरभेदी ओळखता यावा आणि ओळखल्यावर त्याचा हात बांधलेला नसावा, या दोन गोष्टी साधल्या की काम झाले. ‘इम्युनोथेरपी’ या भारदस्त नावाच्या मुळाशी एवढाच विचार आहे. (विज्ञानशाखेच्या वाचकांनी कला शाखेच्या या पदवीधराची उपमा गोड मानून घ्यावी.)

कल्पना नवी नाही. न्यूयॉर्कचे शल्यविशारद विल्यम कोली यांना जुन्या नोंदी चाळताना एका रुग्णाची हकिकत सापडली. त्याची गाठ शस्त्रक्रियेला दाद देत नव्हती. मात्र त्याच्या त्वचेला जंतुसंसर्ग होऊन जोराचा ताप आला आणि गाठ विरघळून गेली. कोलींनी १८९१ पासून मुद्दाम जंतू टोचून तसा ताप आणण्याचे प्रयोग केले. काही रुग्ण बरे झाले, काही त्या तापानेच दगावले. पुढे किरणोपचार आले आणि कोलींचा मार्ग मागे पडला. या परंपरेतील एक उपचार मात्र आजही रुजू आहे आणि त्याची खूण बहुतेक वाचकांच्या दंडावर आहे. क्षयरोगासाठी बाळाला टोचली जाणारी बीसीजी लस मूत्राशयाच्या आतल्या अस्तरापुरत्या कर्करोगात थेट मूत्राशयात सोडली, तर तेथील प्रतिकारयंत्रणा जागी होते आणि रोगाचा पाठलाग करते, हे कॅनडाच्या अल्वारो मोरालेस यांनी १९७६ साली दाखवले. पन्नास वर्षांनंतरही तो प्रमाणभूत उपचार आहे, आणि पुण्याची सीरम इन्स्टिट्यूट ही लस या कामासाठीही तयार करते.

खरे वळण आले ते पहारेकऱ्याचा हात कोणी बांधला, हे उमगल्यावर. टी-पेशी बेफाम झाल्या तर शरीरालाच खातील, म्हणून निसर्गाने त्यांना लगाम दिले आहेत. जपानमधील क्योटोचे तासुकू होंजो यांच्या प्रयोगशाळेत १९९२ साली ‘पीडी-१’ नावाचा एक लगाम सापडला. अमेरिकेचे जेम्स ॲलिसन यांनी ‘सीटीएलए-४’ नावाच्या दुसऱ्या लगामावर काम करून तो सैल केला तर उंदरांतील गाठी नाहीशा होतात, हे त्याच दशकात सिद्ध केले. कर्करोग हे लगाम स्वतःच्या हाती घेऊन पहारेकऱ्याला रोखतो; औषधाने ते सोडवायचे. २०१८ चे नोबेल पारितोषिक या दोघांना विभागून मिळाले. अमेरिकेचे माजी अध्यक्ष जिमी कार्टर यांना २०१५ साली मेंदूपर्यंत पसरलेला त्वचेचा कर्करोग झाला, तेव्हा ते नव्वदीत होते. किरणोपचारांच्या जोडीला याच वर्गातील औषध त्यांना देण्यात आले. डिसेंबर २०२४ मध्ये त्यांचे निधन झाले, ते वयाची शंभर वर्षे पूर्ण करून.

अर्थात प्रत्येक रुग्ण कार्टर होत नाही. अनेक रुग्णांत या औषधांचा काहीच उपयोग होत नाही आणि लगाम सुटलेल्या पेशी कधी थायरॉइडवर, कधी आतड्यांवर, कधी फुफ्फुसांवर उलटतात. हे सांगितल्याविना नुसता चमत्कार सांगणे म्हणजे रुग्णाच्या आशेशी खेळणे होय.

‘कार-टी’ ही याच्याही पुढची पायरी. तिच्यात लगामाचा प्रश्न नाही. पहारेकऱ्याला नवे डोळेच बसवले जातात. रुग्णाच्या रक्तातून टी-पेशी वेगळ्या काढायच्या, निरुपद्रवी केलेल्या विषाणूच्या साहाय्याने त्यांत एक नवे जनुक घालायचे, त्यामुळे त्या पेशींच्या पृष्ठभागावर शत्रूला ओळखणारा ग्राहक उगवतो. मग त्यांची संख्या वाढवून त्या शिरेतून परत द्यायच्या. २०१२ साली फिलाडेल्फिया येथे एमिली व्हाइटहेड या सहा-सात वर्षांच्या बालिकेवर हा प्रयोग झाला. रक्ताच्या कर्करोगाने ती मरणाच्या दारी होती. पेशी आत गेल्या आणि प्रतिकाराचे असे वादळ उठले की ती उपचारानेच दगावते की काय, अशी वेळ आली. तेव्हा डॉ. कार्ल जून यांना संधिवातावरील एक औषध आठवले. त्यांच्या स्वतःच्या कन्येला बालसंधिवात होता म्हणून ते त्यांच्या परिचयाचे. ते औषध म्हणजे टोसिलिझुमॅब. होय, कोविडच्या दुसऱ्या लाटेत ज्याच्या एका कुपीसाठी आपल्याकडे नातेवाइकांनी शहरे पालथी घातली, तेच. ती बालिका वाचली, मोठी झाली. २०१७ साली अमेरिकेत या उपचाराला मान्यता मिळाली आणि त्याची किंमत ठरली पावणेपाच लाख डॉलर.

आपल्या वैज्ञानिकांनी हीच शिखरे सर करण्याचे ठरवले. आयआयटी मुंबईचे प्रा. राहुल पुरवार यांच्या चमूने पेशी घडवल्या आणि टाटा स्मारक केंद्राच्या डॉक्टरांनी त्या रुग्णांपर्यंत नेल्या. दि. ४ जून २०२१ रोजी खारघर येथील ‘ॲक्ट्रेक’मध्ये भारतातील पहिला ‘कार-टी’ उपचार झाला. त्या पहिल्या चाचण्यांसाठी केंद्र शासनाच्या जैवतंत्रज्ञान विभागाने १९ कोटी १५ लाख रुपये मंजूर केले होते. हा आकडा लक्षात ठेवण्याजोगा आहे. मुंबईतील एखाद्या उड्डाणपुलालाही एवढ्यात हात लागत नाही. ऑक्टोबर २०२३ मध्ये ‘नेक्सकार१९’ या नावाने औषध महानियंत्रकांची मान्यता मिळाली आणि मार्च २०२५ मध्ये ‘लॅन्सेट हिमॅटॉलॉजी’ या नियतकालिकात निष्कर्ष प्रसिद्ध झाले : अन्य उपचार थकलेल्या रुग्णांपैकी सुमारे ७३ टक्के रुग्णांत रोगाने माघार घेतली. पाठोपाठ बंगळुरूच्या इम्युनील या कंपनीचीही ‘कार-टी’ बाजारात आली. सार्वजनिक पैसा, सार्वजनिक संस्था आणि जिद्दी माणसे एकत्र आली की काय होते, याचे हे उदाहरण.

आता हिशेबाची दुसरी बाजू. एक दशांश किंमत म्हणजे किती? चाळीस लाखांच्या घरात. आयुष्मान भारत योजनेचे कवच कुटुंबामागे वर्षाला पाच लाखांचे आहे. महात्मा फुले जन आरोग्य योजनेचेही तेवढेच. उरलेले पस्तीस लाख कोठून आणायचे? परळला नाना पालकर स्मृती समितीच्या रुग्णसेवा सदनात जे कार्यकर्ते बाहेरगावच्या रुग्णांची व्यवस्था पाहतात, त्यांना या प्रश्नाचे उत्तर ठाऊक आहे. जमीन विकली जाते. ती नसेल तर रुग्ण गावी परत जातो. शिवाय ही पद्धत तूर्त चालते ती ‘सीडी१९’ ही खूण अंगावर बाळगणाऱ्या रक्ताच्या ठराविक कर्करोगांत. घट्ट गाठीच्या कर्करोगांत ‘कार-टी’ला जगात कोठेही तसे यश अद्याप आलेले नाही.

आणि भारताचा कर्करोग हा मुख्यतः गाठीचा कर्करोग आहे. स्त्रियांत स्तनाचा आणि गर्भाशयमुखाचा, पुरुषांत तोंडाचा. भारतीय पुरुषांत तोंडाचा कर्करोग पहिल्या क्रमांकावर आहे. तंबाखू, गुटखा, मावा, मशेरी, सुपारी यांचे हे देणे. या रुग्णांना लागू पडू शकते ते दुसऱ्या प्रकारचे, म्हणजे लगाम सोडवणारे औषध. निवोलुमॅब हे त्यांतील एक. पूर्ण मात्रेत ते घ्यायचे तर खर्च महिन्याला लाखांच्या घरात जातो आणि महिने मोजावे लागतात. टाटा रुग्णालयातील डॉक्टरांनीच आपल्या नोंदी तपासून काढलेला निष्कर्ष असा, की ज्यांना ही औषधे द्यायला हवीत, अशा रुग्णांपैकी शंभरातील तिघांनाही ती प्रत्यक्षात मिळत नाहीत. शंभरातील सत्त्याण्णव जणांसाठी नोबेल मिळाले काय नि न मिळाले काय, सारखेच.

या टप्प्यावर टाटा रुग्णालयातील डॉ. विजय पाटील, डॉ. कुमार प्रभाश आणि सहकाऱ्यांनी एक साधा प्रश्न विचारला. ही मात्रा एवढीच का?

प्रश्न धाष्टर्याचा वाटेल. पण त्याला आधार होता. निवोलुमॅबच्या अगदी सुरुवातीच्या चाचण्यांतच दिसले होते की फार थोड्या औषधानेही टी-पेशींवरचे पीडी-१चे लगाम जवळजवळ सारे व्यापले जातात. कुलूप एका किल्लीने उघडत असेल तर दहा किल्ल्या घालून ते दहापट उघडत नाही. रसायनोपचारात मात्रा वाढली की परिणाम वाढतो, तोवर जगाला त्याचीच सवय. तोच हिशेब या नव्या औषधालाही लावला गेला. तेव्हा पाटील यांच्या चमूने डोके व मानेच्या प्रगत कर्करोगाचे १५१ रुग्ण घेतले. सर्वांना मेथोट्रेक्सेट, सेलेकॉक्सिब आणि अर्लोटिनिब या तोंडाने घ्यायच्या तीन स्वस्त गोळ्या सुरू केल्या. निम्म्यांना त्याखेरीज दर तीन आठवड्यांनी २० मिलिग्रॅम निवोलुमॅब दिले. प्रचलित मात्रा दर दोन आठवड्यांना २४० मिलिग्रॅम आहे. म्हणजे ही मात्रा तिच्या सहा टक्क्यांहूनही कमी झाली.

निष्कर्ष २०२२ साली प्रसिद्ध झाले. केवळ गोळ्या घेणाऱ्यांत वर्षअखेर जिवंत होते १६.३ टक्के. गोळ्यांच्या जोडीला चिमूटभर निवोलुमॅब घेणाऱ्यांत ४३.४ टक्के. मध्यम आयुर्मान ६.७ महिन्यांवरून १०.१ महिन्यांवर गेले.

साडेतीन महिन्यांचे काय मोल, असे कोणी म्हणेल. ज्यांच्या घरात असा रुग्ण झाला आहे, ते म्हणणार नाहीत. साडेतीन महिन्यांत मुलीचे लग्न होते, शेताची वाटणी होते, धाकट्याची दहावीची परीक्षा होते. आणि वर्ष पार करणारे शंभरात सोळाऐवजी त्रेचाळीस होणे ही तर कोणत्याही देशाच्या वैद्यकाला मिरवण्याजोगी गोष्ट आहे.

आक्षेप रास्त आहेत आणि ते दडवण्याचे कारण नाही. या अभ्यासात कमी मात्रेची तुलना पूर्ण मात्रेशी झालेली नाही. औषध अजिबात न मिळण्याशी झाली आहे. त्यामुळे ‘कमी मात्रा पूर्ण मात्रेइतकीच गुणकारी’ असे या एका चाचणीवरून कोणी म्हणू नये. रुग्णालयही एकच होते. पण ज्याला पूर्ण मात्रा कधी मिळणारच नव्हती, त्याच्यापुढचा पर्याय कोणता होता, हे विसरून चालणार नाही. सहा टक्के औषध की शून्य टक्के, असा त्याचा प्रश्न होता आणि त्या प्रश्नाचे उत्तर या चाचणीने दिले आहे.

हे काम कोणत्याही औषध कंपनीने का केले नाही, हे सांगायला अर्थशास्त्रज्ञ नको. आपले औषध अठरापट कमी विकले जावे, यासाठी पैसा कोण खर्च करील? कंपन्यांना दोष देण्यात अर्थ नाही. त्यांचा धर्म नफा हा आहे. असा प्रश्न विचारणे हे सार्वजनिक संस्थेचेच काम आहे. टाटा स्मारक केंद्र अणुऊर्जा विभागाच्या अखत्यारीत आहे. तेथील डॉक्टर रोज सकाळी दारात उभी राहणारी रांग पाहतात आणि त्या रांगेतून असा प्रश्न जन्माला येतो. बोस्टनमध्ये तो सुचण्याचे कारण नाही. स्वदेशीचा अर्थ आपण फार काळ ‘वस्तू येथे तयार झाली का?’ एवढाच घेत आलो. येथे औषध परदेशी कंपनीचे आहे, पेटंट तिचे होते, शोध जपानी आहे. स्वदेशी आहे तो प्रश्न. आपल्या रुग्णाला समोर ठेवून विचारलेला आणि आपल्या रुग्णांवरच तपासून सोडवलेला.

म्हणून शासनाकडे मागायचे ते हे. कार-टीच्या पहिल्या चाचण्यांना १९ कोटी दिले, तसे किंवा त्याच्या निम्मे तरी, कमी मात्रेची पूर्ण मात्रेशी समोरासमोर तुलना करणाऱ्या मोठ्या, अनेक रुग्णालयांत एकाच वेळी चालणाऱ्या चाचण्यांना द्यावेत. त्यासाठी नवी यंत्रणा उभारण्याची गरज नाही. टाटा स्मारक केंद्राच्या पुढाकाराने उभे राहिलेले ‘नॅशनल कॅन्सर ग्रिड’ हे ३०० हून अधिक संस्थांचे जाळे आहेच, आणि एकत्रित खरेदी करून औषधांच्या किमती खाली खेचण्याचा अनुभवही त्याच्या गाठीशी आहे. जुलै २०२४ च्या अर्थसंकल्पात दुर्व्हालुमॅब या याच वर्गातील औषधासह तीन कर्करोग-औषधांवरील मूळ सीमाशुल्क पूर्णपणे माफ झाले, हे योग्यच झाले. पण शुल्क माफ केल्याने किंमत दहा टक्क्यांनी उतरते. मात्रा सिद्ध झाली तर खर्च दहा टक्क्यांवर उतरतो. निवोलुमॅबच्या भारतीय पेटंटची मुदत २ मे २०२६ पर्यंतची. अहमदाबादच्या झायडसचे समरूप औषध आणि मूळ अमेरिकी कंपनी यांचा वाद दिल्ली उच्च न्यायालयापर्यंत गेला, तो याच औषधावरून. समरूप औषध आणि कमी मात्रा या दोन गोष्टी एकत्र आल्या, तर पाच लाखांच्या सरकारी कवचात हा उपचार बसू शकेल.

एक गोष्ट आपल्याच घरातील माणसांसाठी. ‘प्रतिकारशक्ती’ हा शब्द कोविडनंतर बाजारात सवंग झाला आहे. काढे, चूर्ण, रस, पेये, जे ते प्रतिकारशक्ती वाढवते म्हणे. शरीराच्या प्रतिकाराने कर्करोग बरा होतो, असे एकदा कानावर पडले की पुढची पायरी सोपी असते : मग रुग्णालय कशाला, काढाच घेऊ. नोव्हेंबर २०२४ मध्ये एका माजी क्रिकेटपटूने आपल्या पत्नीचा चौथ्या टप्प्यातील कर्करोग हळद, कडुनिंब, लिंबू आणि पथ्यपाण्याने बरा झाल्याचे सांगितले. वास्तविक त्या बाईंवर शस्त्रक्रिया आणि रसायनोपचार झालेले होते. टाटा स्मारक रुग्णालयाच्या आजी-माजी २६२ कर्करोगतज्ज्ञांना स्वाक्षरीनिशी निवेदन काढावे लागले की, अशा अप्रमाणित उपायांच्या मागे लागून कोणी उपचार लांबवू नयेत.

परंपरेचा अभिमान बाळगणाऱ्या आपल्यासारख्यांनीच हे अधिक मोठ्याने सांगितले पाहिजे. हळदीतील द्रव्यांवर संशोधन चालू आहे, चालू राहावे. आयुर्वेदाचा खरा आदर तोच. पण या लेखात वर्णिलेल्या औषधांनी प्रतिकारशक्ती ‘वाढत’ नाही. कोठला लगाम, कोणत्या पेशीवरचा, किती वेळ सोडायचा, याचे ते नेमके शास्त्र आहे, आणि तेही गाठीच्या तुकड्याची तपासणी केल्यावरच ठरते. आधुनिक शोधाचे नाव घेऊन कोणी आपले चूर्ण खपवत असेल, तर तो परंपरेचाही मित्र नव्हे आणि रुग्णाचाही. लवकर आलेला तोंडाचा कर्करोग शस्त्रक्रियेने बरा होतो. काढ्यावर सहा महिने घालवून आलेल्याला मग ना २० मिलिग्रॅम पुरते, ना २४०.

रुग्णसेवेत असलेल्या कार्यकर्त्यांना यातून करता येण्याजोगे काम बरेच आहे. तोंडात पांढरा वा लाल चट्टा, तीन आठवड्यांत न भरणारी जखम, उघडेनासा झालेला जबडा दिसला की त्या माणसाला त्याच आठवड्यात तपासणीला घेऊन जाणे, हे पहिले. रोग पुढे गेलेला असेल आणि डॉक्टरांनी इम्युनोथेरपीचे नाव काढून खर्चाचा आकडा सांगितला असेल, तर नातेवाईक बहुधा तेथेच उठतात. त्यांना उठू न देता डॉक्टरांना विचारायला लावावे : साहेब, कमी मात्रेत देता येईल का? आपल्या रुग्णालयात किंवा टाटामध्ये तशी चाचणी चालू आहे का? प्रत्येक वेळी उत्तर होकारार्थी येईल असे नाही. पण २०२२ पूर्वी हा प्रश्न विचारायला आधारच नव्हता. आता आहे, आणि तो परळच्याच एका रुग्णालयाने दिलेला आहे.